खाण, मैदान आणि 20 पौंड

इंग्लंडमधल्या लँकेशरच्या बोल्टन गावात एक आकडा अजूनही छाती फुगवून सांगितला जातो: 110 पौंड. 3 मे 1958 रोजी वेम्बलीवर बोल्टन वाँडरर्सने मँचेस्टर युनायटेडला 2-0 असं हरवून एफए कप ही इंग्लंडची मानाची बाद फेरीची स्पर्धा जिंकली, तेव्हा मैदानात उतरलेले अकरा जण जमवायला क्लबला एवढाच खर्च आला होता. करारावर सही करताना प्रत्येकी 10 पौंड, गुणिले अकरा. दुसऱ्या क्लबकडून विकत घेतलेला एकही खेळाडू नाही. युनायटेडचे खेळाडू ज्यात मेले त्या म्युनिकच्या विमान अपघाताला तेव्हा जेमतेम तीन महिने झाले होते, सगळा देश युनायटेडच्या बाजूने होता, आणि ही गिरण्या-खाणींच्या गावची पोरं कप घेऊन घरी गेली. गोष्ट छानच आहे.

मला तो आकडा मात्र खटकतो. थोड्या पैशांत चांगला संघ उभा करणं हे कसब आहे, कबूल. पण वाचलेला पैसा कुणाचा होता? तो त्याच अकरा जणांचा होता. त्यांतला डावा फुलबॅक (बचावाची डावी कड सांभाळणारा), टॉमी बँक्स, पुढे अडीच-तीन वर्षांनी चारचौघांत उभा राहिला आणि त्याने हाच हिशोब मांडला. त्याच्या नावाने सांगितले जाणारे किस्से बहुतेक त्याच्या टॅकलचे असतात. हा लेख त्याच्या हिशोबाबद्दल आहे, कारण तो हिशोब आजही आपल्याला नीट जमलेला नाही. आयपीएलचा लिलाव झाला की आपल्याकडेही घराघरांत तेच वाक्य ऐकू येतं: चेंडू मारायचे एवढे पैसे? आणि मग सीमेवरचा जवान, शेतातला शेतकरी, दवाखान्यातली नर्स यांना तुलनेसाठी रांगेत उभं केलं जातं. माझं म्हणणं असं की ही तुलना करणाऱ्याचा हेतू कितीही चांगला असला, तरी तिचा फायदा जवानाला किंवा नर्सला कधीच होत नाही. तो थेट मालकाला होतो.

आधी माणूस कोण होता ते बघू.

टॉमी बँक्सचा जन्म 10 नोव्हेंबर 1929 चा, बोल्टनला खेटून असलेल्या फार्नवर्थचा. खाणीत राबलेला, अंगाने आडवा, बोलायला अस्सल लँकेशरी. 1948 मध्ये त्याने बोल्टनकडून पहिला सामना खेळला आणि 1961 पर्यंत तो तिथेच राहिला. सामने एकूण 255. जम बसायला बराच वेळ लागला, आणि त्याचं एक कारण घरातच होतं. थोरला भाऊ राल्फ त्याच क्लबात त्याच जागेवर खेळायचा. 1953 ची प्रसिद्ध कप फायनल राल्फ खेळला, टॉमी नाही. ब्लॅकपूलविरुद्ध बोल्टन 3-1 ने पुढे होतं. बोल्टनच्या एरिक बेलचा मांडीचा स्नायू सुरुवातीलाच दुखावला होता. बदली खेळाडू नावाचा प्रकार तेव्हा नव्हता, त्यामुळे तो लंगडत कडेला उभा राहिला आणि तशा अवस्थेत त्याने डोक्याने एक गोलही केला. शेवटच्या वीसेक मिनिटांत राल्फच्या पायात गोळे आले. त्याच्यासमोर होता स्टॅनली मॅथ्यूज, वय 38, आणि त्या बाजूने मॅथ्यूजने बोल्टनचा बचाव उसवून टाकला. ब्लॅकपूल 4-3 ने जिंकलं. तो सामना आजही मॅथ्यूजच्या नावाने ओळखला जातो. गोळे आलेल्या फुलबॅकच्या नावाने सामने ओळखले जात नाहीत.

फुलबॅकचं तेव्हाचं काम हल्लीच्या प्रेक्षकाला सहज कळणार नाही. आज फुलबॅक म्हणजे वर-खाली पळत क्रॉस टाकणारा, अर्धा आक्रमक खेळाडू. 1950 च्या दशकात त्याच्या वाट्याला एक माणूस यायचा, समोरचा विंगर, म्हणजे कडेने चढाई करणारा खेळाडू, आणि नव्वद मिनिटं त्या माणसाचा बंदोबस्त करायचा. मदतीला फारसं कुणी नसे. मैदान जानेवारीपर्यंत चिखल झालेलं, चामड्याचा चेंडू पाणी पिऊन जड, बूट घोट्याच्या वरपर्यंत. विंगर हे त्या काळचे खरे तारे. लोक मॅथ्यूजला, टॉम फिनीला बघायला येत. फुलबॅकने त्यांना रोखलं तर प्रेक्षक हिरमुसायचे, नाही रोखलं तर संघ हरायचा.

बोल्टनच्या बर्न्डन पार्कची रचनाही अशी की मैदानाभोवती धावपट्टीसारखी खडीची वाट होती आणि मैदानाच्या कडा तिच्याकडे उतरत्या. बँक्सने टॅकल केला की विंगर चेंडूसकट त्या खडीवर जाऊन पडायचा. खरचटलेल्या कोपरांचे आणि ढुंगणांचे किस्से निवृत्त विंगरांनी पुढे वर्षानुवर्षं जेवणावळींतून सांगितले. दुसऱ्या बाजूचा फुलबॅक रॉय हार्टल त्याच माळेचा मणी. तुझं झालं की त्याला इकडे पाठव, असं हार्टल पलीकडून ओरडायचा म्हणे. असे किस्से सांगता सांगता गुळगुळीत होतात आणि मग त्यांतला माणूसही गुळगुळीत होतो. आडदांड, विनोदी, मनाने चांगला, एवढंच त्याचं चित्र उरतं.

त्या खेळात रांगडेपणाच्या नावाखाली निव्वळ मारामारीही खपायची, हे लपवण्यात अर्थ नाही. 1958 च्या फायनलमधला बोल्टनचा दुसरा गोल बघा. नॅट लॉफ्टहाउसने गोलकीपर हॅरी ग्रेगला खांद्याने चेंडूसकट जाळीत ढकलून दिलं आणि पंचांनी गोल दिला. तो फाऊल होता हे लॉफ्टहाउसनेच पुढे मान्य केलं. जुन्या दणकट फुटबॉलचे उमाळे काढणाऱ्यांत मी नाही. पण बँक्सच्या खेळाला केवळ दांडगाई म्हणणंही चूक आहे, आणि त्याचा पुरावा स्वीडनमध्ये मिळतो.

1958 चा वर्ल्ड कप. बँक्सला इंग्लंडची टोपी मिळून महिनाही झाला नव्हता; पहिला सामना 18 मे रोजी मॉस्कोत, सोव्हिएत संघाविरुद्ध. म्युनिकच्या अपघातात इंग्लंडने रॉजर बर्न गमावला होता, तो डावा फुलबॅकच. त्याच्या रिकाम्या जागी हा 28 वर्षांचा बोल्टनकर आला. 11 जूनला गोथेनबर्गमध्ये इंग्लंडची गाठ ब्राझीलशी पडली. बिल निकल्सनने ब्राझीलचा खेळ आधी पाहून बचावाची आखणी केली, बिल स्लेटर ब्राझीलचा खेळ रचणाऱ्या डिडीच्या मागे सावलीसारखा लागला, दोन्ही कडा डॉन हाउ आणि बँक्सने बंद केल्या. सामना 0-0. वर्ल्ड कपच्या इतिहासातला हा पहिला गोलशून्य सामना, आणि त्या स्पर्धेत ब्राझीलला गोल करता आला नाही असा एकमेव. पुढच्या सामन्यात ब्राझीलने पेले आणि गारिंचाला खेळवलं आणि मग कुणी त्यांना थांबवू शकलं नाही. इंग्लंड मात्र सोव्हिएत संघाविरुद्धच्या प्लेऑफमध्ये 0-1 हरून घरी आलं. बँक्स एकूण सहा सामने इंग्लंडकडून खेळला, सगळे 1958 मध्येच.

तर असा हा माणूस, जगज्जेत्यांना रोखलेल्या बचावातला. त्याला त्या वर्षी आठवड्याला जास्तीत जास्त किती मिळू शकत होते? हंगामात 20 पौंड, उन्हाळ्यात 17. याहून जास्त देणं हा लीगच्या नियमांनी गुन्हा होता. ही मर्यादा 1901 पासूनची, तेव्हा 4 पौंडांची. 1939 मध्ये ती 8 पौंड होती आणि कारखान्यातल्या कामगाराच्या सरासरी मजुरीच्या दुप्पट भरायची. 1960 येईपर्यंत कामगाराची सरासरी 15 पौंडांच्या आसपास पोचली होती आणि फुटबॉलपटूची कमाल 20 वर अडकली होती. लक्षात घ्या, 20 ही कमाल. अनेकांना तेवढेही मिळत नसत. आणि मधल्या काळात स्टेडियमं ओस पडली होती म्हणावं तर तसंही नाही. 1948-49 च्या हंगामात लीगच्या सामन्यांना 4 कोटी 12 लाखांवर प्रेक्षक आले, हा विक्रम आजवर टिकून आहे.

पगाराच्या मर्यादेपेक्षा वाईट होती तिची जुळी बहीण. करार वर्षाचा, पण तो संपला तरी खेळाडू मोकळा नाही. क्लबने त्याचं नाव राखीव यादीत ठेवलं की त्याला दुसरीकडे खेळता येत नसे. क्लबने पगार थांबवला तरीही. 1948 मध्ये मिडल्झबरोच्या विल्फ मॅनियनने सही करायला नकार दिला आणि महिनोन्‌महिने घरी बसला, शेवटी परत त्याच क्लबात गेला. 1950 मध्ये नील फ्रँकलिन, इंग्लंडचा मधला बचावपटू, वैतागून कोलंबियात बोगोटाला खेळायला गेला. तिथे जमलं नाही. परत आल्यावर बंदी, आणि इंग्लंडच्या संघाची दारं कायमची बंद. दुसरीकडे हेच क्लब एकमेकांना खेळाडू विकताना हात आखडता घेत नव्हते. मार्च 1960 मध्ये मँचेस्टर सिटीने डेनिस लॉसाठी हडर्सफील्डला 55,000 पौंड मोजले. ज्याचे पाय 55,000 पौंडांचे, त्या पायांच्या मालकाला आठवड्याला 20.

मर्यादेमुळे निदान व्यवहार तरी स्वच्छ राहिले का? तेही नाही. 1957 मध्ये संडरलंड क्लब टेबलाखालून पैसे देताना सापडला, दंड भरला, संचालकांवर बंदी आली. सगळ्यांना माहीत होतं की तो एकटा नाही.

या पार्श्वभूमीवर 1960-61 च्या हिवाळ्यात खेळाडूंच्या संघटनेने संपाची तयारी चालवली. अध्यक्ष जिमी हिल, फुलहॅमचा दाढीवाला खेळाडू, बोलण्यात पटाईत. सचिव क्लिफ लॉइड. वेगवेगळ्या शहरांत सभा झाल्या, त्यांत मँचेस्टरची सभा सगळ्यात नाजूक, कारण उत्तरेतले खेळाडू संपाला बिचकत होते. तिथे खालच्या विभागात खेळणारा एक तरुण उठला. त्याचं म्हणणं साधं होतं. माझे वडील खाणीत काम करतात, मरमर मरतात, त्यांना माझ्याहून कमी मिळतात. मग आपण कुठल्या तोंडाने जास्त मागायचे?

सभागृह गप्प झालं असणार. खाणकामगारांची, गिरणी कामगारांची पोरं होती ती सगळी. मग टॉमी बँक्स उठला. त्याच्या भाषणाचे शब्द सांगणाऱ्यागणिक थोडे बदलतात, आशय एकच राहतो. तुझ्या वडिलांना सांग, खाणीतलं काम काय असतं ते मला माहीत आहे, मी केलंय. पण सोमवारी सकाळी ते कोळसा फोडतात तेव्हा बघायला तीस हजार माणसं पैसे देऊन येत नाहीत. शनिवारी मी भाई मॅथ्यूजला अडवायला जातो तेव्हा येतात. आणि वडिलांना हवं तर त्यांनी माझ्या जागी येऊन मॅथ्यूजला अडवावं, मी त्यांची पाळी करतो. मॅथ्यूज त्याच सभागृहात बसलेला होता. हशा झाला, आणि मतदान झालं तेव्हा संपाच्या बाजूने. पुढे हिल सांगत असे की सभा त्या भाषणाने फिरली.

हशामुळे त्या उत्तराचं वजन कळत नाही, म्हणून जरा थांबून बघतो.

त्या तरुणाची तुलना प्रामाणिक होती, आणि खाणीतली जोखीम मैदानापेक्षा मोठी होती यात वादच नाही. (मैदानही अगदी निर्धोक नव्हतं. 1953 मध्ये शेफील्ड वेन्सडेच्या डेरेक डूलीचा पाय सामन्यात मोडला, जखम चिघळून गँगरीन झालं आणि पाय कापावा लागला. वय 23.) पण त्या तुलनेतून निष्कर्ष काय निघतो ते बघा. खाणकामगाराला कमी मिळतं, म्हणून खेळाडूलाही कमी मिळावं. मग खेळाडूच्या खिशातून वाचलेला पैसा खाणकामगाराकडे जातो का? एक पेनीही नाही. तो क्लबच्या तिजोरीत राहतो. खरं तर तो खाणकामगारानेच शनिवारी तिकिटापोटी दिलेला पैसा असतो. म्हणजे वडिलांनी मुलाचा खेळ बघायला दिलेले पैसे मुलाला मिळू नयेत, असं तो मुलगा वडिलांच्या नावाने सांगत होता.

दुसरं असं, की 1947 पासून कोळसा खाणी सरकारी होत्या आणि खाणकामगारांची युनियन देशातल्या बलाढ्य युनियनांपैकी एक होती. मजुरी वाटाघाटींतून ठरायची. एका खाणीत पटलं नाही तर माणूस दुसऱ्या खाणीत जाऊ शकत होता. फुटबॉलपटूला यांतलं काहीच करता येत नव्हतं. तुलनाच करायची तर या बाबतीत खाणकामगार पुढे होता, आणि बँक्स दोन्हीकडे राबलेला असल्यामुळे त्याला ते सांगायचा अधिकार होता. उंटावरून शेळ्या हाकणाऱ्या एखाद्या संपादकाने हेच लिहिलं असतं तर कुणी ऐकलं नसतं.

आणि प्रेक्षक नेमके कुणासाठी येतात याचा पुरावा त्याच वर्षी मिळाला. ऑक्टोबर 1961 मध्ये मॅथ्यूज, वय 46, दुसऱ्या विभागात धडपडणाऱ्या आपल्या जुन्या स्टोक सिटी क्लबात परत आला. त्याआधीच्या घरच्या सामन्याला 8,409 प्रेक्षक होते. मॅथ्यूजच्या पहिल्या सामन्याला 35,974. बँक्सच्या भाषणाला याहून चांगली तळटीप कुणी लिहू शकलं नसतं.

18 जानेवारी 1961 रोजी, संपाच्या तीन दिवस आधी, लीगने पगाराची मर्यादा सोडून दिली. फुलहॅमने इंग्लंडचा कर्णधार जॉनी हेन्सला आठवड्याला 100 पौंड दिले. राखीव यादीचा फास सुटायला मात्र कोर्टात जावं लागलं. जॉर्ज ईस्टहॅम या खेळाडूच्या खटल्यात 1963 मध्ये न्यायमूर्ती विल्बरफोर्स यांनी ती पद्धत व्यवसायावरचं अवाजवी बंधन ठरवली.

आता विरोधी बाजू. ती वाटते त्यापेक्षा भक्कम आहे आणि ती बोल्टनचीच आहे.

पगाराची मर्यादा होती तोवर लँकेशरची छोटी गावं मोठ्या शहरांशी बरोबरीने खेळत होती. बोल्टन, ब्लॅकपूल, प्रेस्टन, बर्नली, ब्लॅकबर्न, सगळी पहिल्या, म्हणजे सगळ्यात वरच्या विभागात. बर्नलीने तर 1960 मध्ये लीग जिंकली. लॉफ्टहाउस आयुष्यभर बोल्टनला आणि फिनी आयुष्यभर प्रेस्टनला राहिला, कारण कुठेही गेलं तरी पगार तोच. मर्यादा गेली आणि पाठोपाठ ही गावं घसरत गेली. प्रेस्टन 1961 मध्येच उतरलं, बोल्टन 1964, ब्लॅकबर्न 1966, ब्लॅकपूल 1967, बर्नली 1971. बोल्टन पुढे 1987 मध्ये थेट चौथ्या विभागात पोचलं. तेव्हा कुणी म्हणेल, बँक्सने त्या सभेत आपल्याच गावाच्या पायावर धोंडा मारून घेतला.

या आक्षेपात तथ्य आहे आणि तो मी झटकून टाकणार नाही. घसरणीला इतर कारणंही होती. कापसाच्या गिरण्या बंद पडत होत्या, मोटारी आल्या, टीव्ही आला, बोल्टनच्या पोराला मँचेस्टरला जाऊन सामना बघणं सोपं झालं. पण पगार मोकळे झाल्याने मोठ्या क्लबांना बळ मिळालं हे नाकारता येत नाही.

माझा प्रश्न वेगळा आहे. छोट्या गावांचे क्लब जगावेत ही सगळ्यांची इच्छा होती, तर त्याची किंमत फक्त खेळाडूंनी का मोजायची? साठ वर्षं इंग्लिश फुटबॉलमधली समता खेळाडूंच्या पगारातून कापून उभी राहिली होती. क्लबांनी आपापसांत पैसा वाटून घेऊनही ती टिकवता आली असती. त्याची सोय होतीच. पाहुण्या संघाला तिकिटांच्या उत्पन्नातला वाटा मिळायचा. तो नियम मोठ्या क्लबांच्या दबावाखाली 1983 मध्ये काढून टाकला गेला. टीव्हीचा पैसा सगळ्या विभागांत वाटण्याची पद्धत मोडत मोडत 1992 मध्ये प्रीमियर लीग वेगळी निघाली. हे निर्णय संचालकांनी घेतले, फुलबॅकांनी नाही. त्या संचालकांना सरसकट लुटारू ठरवणंही बरोबर नाही. जुन्या काळी क्लबांच्या लाभांशावर साडेसात टक्क्यांची मर्यादा होती आणि बरेच संचालक गावातले हौशी दुकानदार-कारखानदार होते. पण वाचलेला पैसा प्रेक्षकांच्या सुरक्षेवर गेला असंही झालं नाही. 9 मार्च 1946 रोजी बर्न्डन पार्कवरच, स्टोकविरुद्धच्या कप सामन्यात, गर्दीच्या रेट्याखाली 33 माणसं मेली आणि सामना पुढे पूर्ण खेळवला गेला. चौकशी झाली, शिफारशी झाल्या, आणि स्टेडियमच्या सुरक्षेचा कायदा यायला 1975 उजाडलं.

पगारावर मर्यादा ही कल्पनाच मुळात वाईट, असंही माझं म्हणणं नाही. अमेरिकेतल्या बास्केटबॉल लीगमध्ये संघाच्या एकूण पगारावर मर्यादा असते. पण ती खेळाडूंच्या युनियनशी समोरासमोर बसून ठरते आणि लीगच्या उत्पन्नाचा साधारण निम्मा वाटा खेळाडूंचा, हे आधी मान्य झालेलं असतं. वाटाघाटीतून आलेली मर्यादा आणि लादलेली मर्यादा यांत फरक आहे. आपल्याकडे आयपीएलच्या 2025 च्या हंगामासाठी प्रत्येक संघाला 120 कोटींची थैली होती. ती किती असावी हे ठरवताना खेळाडूंच्या बाजूने कोण बोललं? भारतात सध्या खेळत असलेल्या क्रिकेटपटूंची युनियनच नाही. 2019 मध्ये स्थापन झालेली संघटना निवृत्तांची आहे. लिलावातल्या 27 कोटींच्या बोलीकडे बघून डोळे फिरतात, आणि तळाच्या बोलीवर खेळणाऱ्या, रणजीतही नियमित जागा नसलेल्या पोराकडे कुणाचं लक्ष जात नाही. इंग्लंडमध्ये संप हेन्ससाठी नव्हता. हेन्सचं कुठेही भागलं असतं.

आपल्याकडच्या एका खेळाडूने हा प्रश्न बँक्सच्या अंगणाजवळच अनुभवला होता. बोल्टनपासून वीसेक किलोमीटरवर हॅस्लिंग्डन नावाचं गाव आहे. 1952 मध्ये विनू मंकड तिथल्या क्लबकडून लँकेशर लीगमध्ये व्यावसायिक म्हणून खेळत होते. त्याच उन्हाळ्यात भारताचा इंग्लंड दौरा होता. मंकडांनी बोर्डाला विचारलं, माझी निवड नक्की आहे का, म्हणजे मी हा करार घेत नाही. बोर्डाने हमी दिली नाही. मंकडांनी करार घेतला. पोट कुणाला चुकलंय? हेडिंग्लेच्या कसोटीत दुसऱ्या डावात भारताची अवस्था शून्यावर चार बाद अशी झाली, तेव्हा धावाधाव करून त्यांना हॅस्लिंग्डनकडून सोडवून आणलं. लॉर्ड्सवर त्यांनी 72 आणि 184 धावा केल्या आणि एका डावात पाच बळी घेतले. ती खेळी आपण सगळे सांगतो. तिच्या आधीचा पत्रव्यवहार सांगत नाही, कारण त्यात देशासाठी खेळायला निघालेला वीर दिसत नाही. तिथे रोजीरोटीची हमी मागणारा कामगार दिसतो आणि तो आपल्याला अडचणीचा वाटतो.

बँक्सच्या बाबतीतही स्मृतीने हाच खेळ केला आहे. टॅकलचे किस्से सगळ्यांना पाठ. भाषणही सांगितलं जातं, पण मजेशीर भाषण म्हणून, एका गावरान माणसाचा हजरजबाबीपणा म्हणून. कष्टकरी माणूस मुद्देसूद बोलला की त्याचं विनोदात रूपांतर करायची ही जुनी खोड आहे. प्रत्यक्षात त्या दोन-चार वाक्यांत मागणी आणि पुरवठा, कौशल्याची दुर्मिळता, उत्पन्नावर कुणाचा हक्क, हे सगळं होतं, आणि ते जिमी हिलच्या आकडेवारीपेक्षा लवकर पोचलं.

त्याला स्वतःला त्याचा फायदा काय झाला? जवळपास शून्य. मर्यादा उठली त्याच वर्षी, वयाच्या 31 व्या वर्षी, तो बोल्टन सोडून लीगबाहेरच्या ऑल्ट्रिंगहॅम क्लबकडे गेला. पुढे बांधकामावर राबला, फार्नवर्थमध्येच राहिला आणि जून 2024 मध्ये 94 व्या वर्षी वारला. मर्यादा उठवायला मत देणाऱ्या खेळाडूंपैकी बहुतेकांची गत अशीच होती. कारकिर्दीची उतरण लागलेली, हातात चार-दोन हंगाम उरलेले. ज्या पैशासाठी ते भांडले तो पुढच्या पिढीला मिळाला, आणि त्या पुढच्या पिढीच्या नातवंडांना इतका मिळाला की आता आपण पुन्हा खाणकामगाराच्या मुलाचा प्रश्न विचारू लागलो आहोत.

1961 मध्ये संप टळला. पण बोल्टनमध्ये तो झाला, 58 वर्षं उशिरा. एप्रिल 2019 मध्ये बोल्टन वाँडरर्सच्या खेळाडूंना मार्चचा पगार मिळाला नव्हता. ब्रेंटफर्डविरुद्धच्या सामन्यासाठी मैदानात उतरायला त्यांनी नकार दिला. सामना रद्द झाला, आणि पुढे लीगने ब्रेंटफर्डला 1-0 असा विजय बहाल केला. क्लबच्या कर्मचाऱ्यांचे पगारही थकले होते, पण सामना थांबवण्याची ताकद त्यांच्या हातात नव्हती. ती फक्त खेळाडूंकडे होती. त्या ऑगस्टमध्ये क्लब बंद पडता पडता विकला गेला आणि वाचला. शेजारच्या बरी गावचा 134 वर्षं जुना क्लब त्याच आठवड्यात लीगमधून हाकलला गेला. या दोन्ही क्लबांचं दिवाळं खेळाडूंच्या मागण्यांमुळे निघालं नव्हतं. मालकांकडे क्लब चालवायला पैसे नव्हते आणि तरीही ते क्लब त्यांच्या हाती होते. मालकांची ऐपत तपासणारा स्वतंत्र नियामक नेमायचा कायदा ब्रिटिश संसदेने 2025 मध्ये केला. खेळाडूच्या पगारावर मर्यादा घालायला 1901 साल पुरलं होतं.